कडक भाकरीतली कोंबडी

बबर्चीमामा दारात आला की आई आधी त्याच्या हातांवर पाणी घालायची. तांब्या वीतभर उंच धरून, शिंतोडा आपल्या लुगड्यावर उडणार नाही अशा बेतानं. मामा उकिडवा बसून कोपरापर्यंत हात चोळायचा, एकदा राखेनं आणि एकदा मातीनं. घासून घासून त्याच्या बोटांची कातडी पांढरट पडली होती, नखांच्या कडा चिरल्या होत्या. ते हात बघितले की मी नाक मुरडायची. सख्ख्या मामाच्या हातांची किळस यावी हे काही चांगलं नव्हे, पण यायची, आणि मी ती लपवतही नसे.

आमचं आजोळ माळशिरसकडचं, मेंढरं राखणारं. मामा आईचा धाकटा भाऊ, नाव धुळा. तरुणपणी एकदा मेंढरं विकायला म्हणून सोलापुरात आला, गिरणीच्या गोऱ्या साहेबाच्या बंगल्यावर दोन बोकड पोचवायला गेला आणि तिथंच राहिला. बंगल्यावरच्या म्हाताऱ्या गोवेकर बबर्चीनं त्याला हाताशी धरून शिकवलं. म्हातारा गेल्यावर चुलीचा कारभार मामाकडे आला. आजोबांनी त्या दिवसापासून त्याचं नाव टाकलं. माझे वडील त्याच गिरणीत मागावर होते, घर गिरणीपासून हाकेच्या अंतरावर, त्यामुळे आईला मात्र भावाला दार बंद करणं जमलं नाही. तिनं ते अर्धं उघडं ठेवलं.

साहेबाच्या घरी काय काय शिजतं ते आई तोंडानं उच्चारत नसे. 'नको ते' एवढंच म्हणायची. आणि नको ते शिजवणारा नको ते खाणारच, हे आमच्या घरात कुणाला सांगावं लागत नव्हतं. मीठ बघायला तरी जिभेवर ठेवत असेलच की. म्हणून मामाची थाळी वेगळी, ती ओसरीबाहेर खुंटीला टांगलेली. तो आईच्या हातचं पोटभर जेवायचा, स्वतःची थाळी स्वतः घासून खुंटीला लावायचा. त्याच्या हातचं मात्र उंबऱ्याच्या आत यायचं नाही. नाताळात तो फडक्यात बांधून केक आणायचा. आई तो घ्यायची, मामाची पाठ वळली की परसात कोंबड्यांपुढं टाकायची. आमच्या कोंबड्यांनी केक खाल्ला तेवढा गिरणीच्या कारकुनांनीही खाल्ला नसेल. मामाला हे ठाऊक होतं. एकदा तो म्हणाला, "अक्का, कोंबडी तुमाला चालती, आन कोंबडीला चालतं ते तुमाला चालत न्हाय. गंमतच हाय."

गंमत अशी की स्वतः मामाइतका नाक मुरडणारा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. त्याचा आवडता शब्द 'शिसारी'. बंगल्यावरच्या गोष्टी सांगायला बसला की जेवण झालेलं असेल त्यांनीच ऐकाव्यात. साहेब शिकार करून तितर आणायचा आणि पाखरू तसंच पिसांसकट टांगून ठेवायचा, चार-पाच दिवस. "मान आपसूक ढिल्ली पडली की मंग म्हनतो, आता कर. म्या नाकाला दोन फडकी बांदून सोलतो, अक्का. आतनं हिरवं असतंया." कसलंसं परदेशी खारं लोणी होतं, त्याला बुरशीच्या निळ्या रेघा. ते कापायला लागलं की मामाला वाटे, कुणीतरी पायतान उन्हात तापवलंय. साहेब नांदीत पाणी भरून त्यातच बसतो आणि त्याच पाण्यानं अंग धुतो, हे सांगताना तर मामाचं सगळं अंग शहारायचं. "आपल्याच मळात बसतो की ग! शिसारी आली मला."

आमच्या घरच्या रश्श्यावरही त्याचा तेवढाच राग होता. आमच्याकडे कोंबडी म्हणजे रस्सा, लालभडक, तर्रीचा, ताटभर. मामा भाकरी कुस्करता कुस्करता म्हणायचा, "कोंबडीला आंगूळ घालता आन ते पानी पिता तुमी." मी एकदाच ऐकलं आणि महिनाभर रस्सा ओरपता आला नाही. मग तो बंगल्यावरच्या भाजल्या कोंबडीचं वर्णन करायचा. पावाचा चुरा लावलेली, लोखंडी पेटीत चारी अंगांनी शेकलेली. "वरनं अशी कुरकुरीत, की सायब खोलीत चावतो आन मला चुलीपाशी ऐकू येतं." हे सांगताना त्याचा चेहरा खुलायचा. आई मात्र तेवढ्यात उठून कामाला लागायची.

मी बाळंतपणाला माहेरी आले तेव्हा सतरा वर्षांची होते. लोकांच्या उलट्या तिसऱ्या-चौथ्या महिन्यात थांबतात, माझ्या सातवा सरला तरी चालूच. फोडणीचा वास आला की परसात धाव. वडिलांच्या कपड्यांना सुताच्या खळीचा आंबूस वास यायचा, ते घरात शिरले की मी बाहेर. दुधावरची साय, भाताची पेज, ओल्या भांड्याचं बूड, कशाकशाची म्हणून किळस येऊ नये? तोंडात टिकायची ती फक्त कडक भाकरी. आमच्याकडची ज्वारीची कडक भाकरी म्हणजे पापडासारखी पातळ, वाळवून ठेवली की महिनामहिना राहते. आई तिच्या पिठात तीळ आणि जरा जास्तच मीठ घालायची. मी ती कोरडी, दिवसभर चावत बसायची. अंगावर मांस म्हणून राहिलं नव्हतं. आई माझ्या मनगटाला हात लावून बघायची आणि पुन्हा भाकरी थापायला बसायची.

एक दिवस मी म्हणाले, "मामा सांगतो ती कोंबडी खावीशी वाटते."

आईच्या हातातलं सूप हातातच राहिलं. पोटुशीचा डोहाळा मोडायचा नसतो, मोडला तर मूल जन्मभर लाळ गाळतं, असं आमच्याकडे मानतात. आणि सात महिन्यांत मी आपण होऊन मागितलेलं हे पहिलंच अन्न. आईनं दोन दिवस विचार केला. तिसऱ्या दिवशी मामा आला तेव्हा तिनं अटी सांगितल्या. कोंबडी आपली, भांडी आपली, पाणी आपलं, चूल परसातली. आणि पाव घरात येणार नाही, कारण पावाचं पीठ पायानं तुडवतात असं तिनं ऐकलं होतं.

मामा ओसरीखाली उभा होता. त्याला बारा वर्षांत पहिल्यांदा या घरासाठी काही करायला सांगितलं जात होतं. तो म्हणाला, "पाव नगं तर नगं. तुजी कडक भाकरी दे."

मी लांब बसले होते, नाकाला पदर लावून. उकळत्या पाण्यात बुडवलेल्या पिसांचा वास, ती उपसताना येणारा चरचर आवाज, मग जाळावर फिरवलेल्या कातडीवरचे बारीक फोड. नको नको वाटत होतं आणि नजर हलत नव्हती. मामाचे ते पांढरट हात त्या पांढरट कातडीवरून फिरत होते आणि कुठलं काय हे कळेना. दही, हळद, आलं-लसूण, तिखट आणि मूठ मोजून मीठ त्यानं तुकड्यांना चोळलं. आईला म्हणाला, "भाकरी पाट्यावर भरड. पीठ करू नगंस. दातांला काम पायजे." भरडलेल्या भाकरीत त्यानं आईची शेंगाची चटणी मिसळली. तुकडा फेटलेल्या अंड्यात बुडवायचा, भाकरीत लोळवायचा, तळव्यानं दाबायचा, परत लोळवायचा. लोखंडी पेटी नव्हती, म्हणून जाड बुडाच्या पातेल्यात वाळू घातली, वाळूवर खापऱ्या, त्यांवर तारेची जाळी, तिच्यावर तुकडे. झाकणावर निखारे. वरचा जाळ खालच्यापेक्षा जास्त पाहिजे, म्हणाला. मग तो पातेल्याजवळ कान नेऊन बसला. अधूनमधून वास घ्यायचा, निखारे सारखे करायचा.

आई चार हात लांब उभी होती. तिला राहवेना. "धुळा, चोळायच्या आदी मसाला जिभंला लावून मीठ तरी बघायचं हुतंस की."

"न्हाय बघत, अक्का."

"का?"

"सवं न्हाय."

"बारा वर्सं बबर्ची हाईस आन मीठ बघायची सवं न्हाय व्हय?"

मामा निखारे सारत राहिला. मग वर न बघता म्हणाला, "तितलं तोंडात घातलं असतं, तर तुज्या दारात आलो असतो व्हय? समदं मापानं घालतो. येक चमचा म्हंजे येक चमचा. कमी-जास्त झालं तर मेमसायब सांगती. माजी चूल बंगल्याच्या मागं येगळी हाय. माजी भाकरी मीच थापतो."

परसात फक्त आतल्या चरबीचा तडतडाट ऐकू येत होता. आई म्हणाली, "मग सांगितलं का न्हाईस?"

"इचारलं कुनी?"

झाकण काढलं तेव्हा मला मळमळलं नाही. भाकरीचा थर गव्हाळ तांबूस झाला होता, त्यावर तीळ फुटलेले. मी पहिला तुकडा दातांखाली धरला आणि असा आवाज झाला की मलाच दचकायला झालं. आत मऊ, वाफाळतं. आणि खारट. इतकं खारट की डोळ्यांत पाणी आलं. कोंबडीला मामानं मीठ लावलं होतं, चटणीत मीठ होतं, भाकरीत आईनं मुळातच जास्त घातलेलं. चाखणारं कुणीच नव्हतं. एकाचा नेम, दुसरीची किळस. मी तरीही दोन तुकडे संपवले, कारण ते पोटात राहत होते. तिसऱ्याला हात घातला आणि म्हणून गेले, "खारट आहे जरा."

"जरा म्हंजे किती?" आईनं विचारलं. "पोटुशीला मीठ बाधतं. पाय सुजतील."

मामाचा चेहरा पडला. त्यानं पातेल्याकडे पाहिलं, पण तेव्हाही चाखून बघावं असं त्याच्या मनात आलं नाही. हात मांडीवर ठेवून तो बसून राहिला.

आई पुढं झाली. तिनं जाळीवरचा एक तुकडा उचलला, क्षणभर बोटांत धरला आणि तोंडात घातला. मामा उठून उभा राहिला. ती चावत होती आणि सबंध परसाला ऐकू येत होतं.

"लई खारट झालंय, धुळा," ती म्हणाली.

"व्हय?" मामानं विचारलं. "पर कुरकुरीत तरी हाय का?"

"ऐकू येत न्हाय व्हय तुला?" असं म्हणून आईनं दुसरा तुकडा घेतला. मग तिसरा त्याच्या हातात दिला, बोटांना बोटं लागली तरी मागं घेतली नाहीत. मामानं तो खाल्ला. कोंबडीवरचा तो थर किती खारट लागतो हे त्यालाही तेव्हाच कळलं. त्यानं तोंड वाकडं केलं आणि म्हणाला, "पुढच्या बारीला मीठ कमी घालतो."

पुढची बारी आली नाही. माझी सुटका व्हायच्या आत साहेबाची दक्षिणेला कुठंतरी बदली झाली आणि मामा त्याच्याबरोबर गेला. दोन वर्षं पत्रं आली, कुणाकडून तरी लिहवून घेतलेली. मग तो तापानं गेल्याचं कार्ड आलं, तेही पंधरा दिवसांनी. मला रडू आलं आणि स्वतःची शरम वाटली. बारा वर्षं मी त्या हातांना नाक मुरडलं होतं, आणि ते हात असे का झालेत हे एकदाही विचारलं नव्हतं.

पुढं दिवाळी सरली की आई परसात पातेल्यात वाळू घालायची आणि तशीच कोंबडी करायची. मीठ तीन ठिकाणी घालायची. पोरं थू थू करायची, वडील पाणी पीत बसायचे, मला तर ओकारी यायची. मी एकदा चिडून म्हणाले, "आई, अगं कोंबडीला तरी मीठ लावू नकोस. तोंडात धरवत नाही."

तिनं भाकरी दाबता दाबता सांगितलं, "मग ती धुळाची कशी हुईल? त्याच्या हातचं म्या येकदाच खाल्लंय. मला तीच चव ठावी हाय."