बदली शब्द

माझी नोकरी शब्द बदलण्याची आहे. परळला, जुन्या गिरणीच्या जागेवर उभ्या राहिलेल्या काचेच्या इमारतीत बसून मी एकाच लेखाचे अनेक लेख करते. गादी असो, गुडघेदुखीचं तेल असो, मजकूर तोच ठेवायचा आणि शब्द वेगळे घालायचे, म्हणजे नक्कल पकडणाऱ्या सॉफ्टवेअरला संशय येत नाही. अलीकडे पहिला हात मशीन फिरवतं आणि मी त्याच्या मागून झाडू मारत जाते. त्याने एकदा 'हृदयविकाराचा झटका' बदलून 'काळजाच्या दोषाचा हिसका' केला होता. असलं काही घरी येऊन सांगितलं की घोडपदेवच्या आमच्या खोलीत खाटेवर बसलेले बाबा खोकला लागेपर्यंत हसायचे. "ह्येचो पगार देतत तुका?" म्हणायचे.

गेल्या पावसाळ्यानंतर त्यांना अर्धांगवायू झाला. उजवा हात हळूहळू थोडा परत आला, पण बोलणं अडखळतच राहिलं. कळायचं सगळं, फक्त काही शब्द ओठांशी येऊन थांबायचे. 'र'ने सुरू होणारे आणि काही जोडाक्षरांचे तर हटूनच बसायचे. आई जाऊन काही वर्षं झाली होती, त्यामुळे त्यांची आंघोळ, व्यायाम, स्वयंपाक आणि नोकरी असं सगळं मी एकटी ओढत होते, चिडत होते, पुन्हा ओढत होते. भेटायला येणारा प्रत्येक जण बाबांना "काका, आता फक्त आराम करा" म्हणायचा. त्या शब्दाचा त्यांना इतका संताप यायचा की ते समोरचा चहाचा कप डाव्या हाताने लांब ढकलायचे. आधी गिरणीत आणि गिरणी बंद पडल्यावर वॉचमनकीत जन्म काढलेल्या माणसाला आराम म्हणजे शिवीच होती.

सव्वीस जानेवारीला आमच्या चाळीची सत्यनारायणाची पूजा असते. आरती झाली की गाऱ्हाणं होतं. कोकणातल्या माणसाला हे सांगायला नको, पण इतरांसाठी सांगते: एक वडीलधारं माणूस देवापुढे उभं राहून सगळ्यांच्या वतीने मोठ्याने मागणं मागतं आणि प्रत्येक मागण्याला बाकीचे "व्हय म्हाराजा!" म्हणतात. मला आठवतंय तेव्हापासून आमच्याकडे ते माणूस म्हणजे बाबा. शेवटी न चुकता ते "माझ्या चेडवाचा लगीन जमांदे, म्हाराजा" असं ठोकून द्यायचे आणि अख्खी चाळ माझ्याकडे बघत दुप्पट जोराने "व्हय म्हाराजा!" ओरडायची. चाळिशी जवळ आली तरी देवाने काही ऐकलं नाही, आणि मीही त्याला कधी आग्रह केला नाही.

यंदा पूजेच्या आधी कमिटीचे अध्यक्ष घरी आले. "काका, तुम्ही पुढे खुर्चीवर बसा. गाऱ्हाणं मी घालतो, तुम्हाला त्रास नको," म्हणाले. माणूस चांगला, आणि बोलले तेही प्रेमानेच. ते गेल्यावर बाबा भिंतीकडे तोंड करून पडले, ते जेवायलाही उठेनात. हात गेला, बोलणं गेलं, तेव्हाही ते असे पडून राहिले नव्हते. देवापुढची आपली जागा गेली, हे मात्र त्यांना सोसत नव्हतं. मला ते बघवेना.

"बाबा, उठा," मी म्हटलं. "शब्द अडतो ना? मग शब्द बदलू. मी दिवसभर दुसरं काय करते?"

मग रोज ऑफिसला निघण्याआधी आम्ही गॅलरीत बसायला लागलो. त्यांचं गाऱ्हाणं मला तोंडपाठ होतं. सवयीने मी पहिल्याच दिवशी 'लेकरांची राखण कर' बदलून 'लेकरांचं जतन कर' केलं आणि 'सेवा मान्य करून घे'चं 'सेवा कबूल कर' केलं. बाबांना दोन्ही म्हणता आलं, तरी त्यांनी मान हलवली. "देवाक... कळाचा नाय," म्हणाले. खरंच होतं. त्यांचं गाऱ्हाणं माझ्या गाद्यांच्या जाहिरातीसारखं वाजायला लागलं होतं.

बाबा गिरणीत सुरुवातीला बदली कामगार होते. कायमचा माणूस आला नाही की त्या दिवसापुरतं त्याच्या साच्यावर, म्हणजे मागावर, उभं राहायचं, आणि कापड मात्र तसंच निघालं पाहिजे. मला तसेच बदली शब्द हवे होते, घरातले. मग 'राखण कर'च्या जागी 'सांभाळ' आला, 'मान्य'च्या जागी 'गोड मानून घे' आलं. शब्द जमला की बाबा डाव्या हाताने मांडीवर थाप मारायचे. लग्नाच्या वाक्याशी आलो तेव्हा मी म्हटलं, "हे एवढं गाळूया." बाबा वाकड्या तोंडाने हसले. किती तरी दिवसांनी हसले, आणि मला फार बरं वाटलं.

पूजेच्या दिवशी अध्यक्षांनी हळूच विचारलं, "ताई, मधेच अडले तर?"

"अडले तर थांबू," मी म्हटलं.

बाबा माझ्या खांद्याला धरून उभे राहिले. "बा देवा म्हाराजा..." आवाज बारीक होता, पण त्यांचाच होता. "पोरांनी... जी काय सेवा केली हा... ती गोड मानून घे." चाळीने "व्हय म्हाराजा!" म्हटलं. "चुकला माकला... पदरात घे. सगळ्यांका... सांभाळ." एका ठिकाणी अडले, तर सगळे गप्प उभे राहिले. शेवटचं वाक्य पार पडलं तेव्हा माझा जीव भांड्यात पडला.

पण बाबा बसेनात. "आणि... ह्या माझ्या... चेडवाक..."

हे आमचं ठरलेलं नव्हतं. मागून कुणीतरी मदतीला "लगीन, लगीन!" केलं, सगळे हसले. बाबांनी जोराने 'नाही' अशी मान हलवली. कपाळावर घाम आला, खांद्यावरची बोटं रुतली. त्यांना कुठला शब्द हवा होता ते मला कळत नव्हतं, त्यामुळे पुरवताही येत नव्हता.

"आराम," बाबा म्हणाले. "ह्या चेडवाक... वायच आराम गावांदे, म्हाराजा."

चाळीने "व्हय म्हाराजा!" म्हटलं. दर वर्षी प्रसाद वाटायला मी असते, त्या दिवशी बाबांच्या खुर्चीपाशी बसून राहिले.