हप्ता तोच

तो बसला. पायातल्या बुटांसकट, माझ्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर. उंबऱ्यावर बसू नये, आणि एरवी कुणालाही मी तिथून उठवलं असतं. पण या माणसाला तोवर मी कधी बसलेलं पाहिलंच नव्हतं. हातातलं पातेलं तसंच धरून मी बघत राहिले.

"अक्का," तो म्हणाला, "एकवीस वर्षं राहिली."

"कशाची?"

"कर्जाची. वीस वर्षांचं घेतलं होतं. आठ भरून झाली. आणि बँकेतली ती पोरगी सांगून राहिली, सर, अजून एकवीस."

पुढच्या खोलीत आमचे हे ब्लाउज शिवत होते. मशीन थांबलं.

"चुकली असेल ती," मी म्हटलं.

"मी तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा तिनं मला पाणी आणून दिलं."

मी पातेलं खाली ठेवलं.

"सत्तर वर्षांचा होईन मी, अक्का. कंपनी साठाला घरी पाठवते. मधली दहा वर्षं कोण भरणार?"

आमचे हे पुढच्या खोलीतूनच म्हणाले, "एकवीस वर्षं म्हणजे बघायला आपल्यातलं कोण असणार, कुणास ठाऊक." त्यांचं बोलणं असंच असे. मशीन पुन्हा सुरू झालं.

त्याचं नाव लिहीत नाही. आमच्या घरात त्याला नावानं कुणी हाक मारलीच नाही, आम्ही त्याला 'वरचा' म्हणायचो. आमचं घर चामराजपेटेत. बेळगावकडच्या एका खेड्यात मराठी चौथी शिकून मी इथं सून म्हणून आले. खाली शिंप्याचं दुकान आणि आम्ही, वर दोन खोल्या. त्या आम्ही लीजवर द्यायचो. बंगळूरची ही पद्धत बाहेरच्यांना लवकर कळत नाही. भाडेकरू एकदम मोठी रक्कम मालकाकडे ठेवतो. मग महिन्याला भाडं नाही. मुदत संपली की तो घर सोडतो आणि मालक ती सगळी रक्कम परत देतो.

हा नागपूरहून इथं कंपनीत आलेला. मी पद्धत सांगितली तेव्हा तो जिन्याच्या पायऱ्या चढत-उतरत ऐकत होता.

"म्हणजे फुकट राहायचं जी?"

"फुकट काय असतंय? तुझ्या पैशातून मी गच्चीचा स्लॅब घालणार. तेच तुझं भाडं."

"मग परत कुठून द्याल?"

"तुझ्यानंतर जो येईल त्याच्याकडून."

त्याला ते पटलं नाही, पण तो राहिला. आणि चालत राहिला. फोनवर बोलताना, दात घासताना, भात खातानासुद्धा. ताट हातात घेऊन या खोलीतून त्या खोलीत. आमच्या डोक्यावर दिवसभर पावलं. आमच्या ह्यांना त्याची इतकी सवय झाली की तो गावाला गेला की त्यांची शिलाई वाकडी पडायची. खाली आला तरी तेच. "बस की रे," मी म्हणायची. "बसलोच समजा, अक्का," म्हणायचा आणि उभ्या उभ्या चहा पिऊन जायचा.

बायको शाळेत शिकवायची. ती दिवसभर उभी, हा दिवसभर चालता. संध्याकाळी तिचे पाय सुजायचे. मूल नव्हतं. मी विचारलं होतं, तिनं सांगितलं होतं, विषय संपला.

लीज संपत आली तसं त्याच्या डोक्यात घर शिरलं. ऑफिसात सगळे घेत होते. बेळ्ळंदूरला इमारती उठत होत्या, त्यातल्या एकीत सातव्या मजल्यावर त्यानं फ्लॅट बघितला. तळ्याकडे तोंड असलेला. तळं दिसतं म्हणून चार पैसे जास्त.

"दुसऱ्याच्या घरात किती दिवस राहणार?" तो म्हणाला. "भाडं म्हणजे वाहून गेलेलं पाणी, अक्का. हप्ता म्हणजे आपल्या टाकीत पडलेलं."

"घर केवढ्याला पडतंय?"

त्यानं हप्ता सांगितला.

"हप्ता नव्हे. घर."

"हप्ता झेपला की घर झेपलंच नं."

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. घराची किंमत विचारली की हप्ता सांगतात. मला वाटलं, शिकलेल्या लोकांत तशीच रीत असेल. मी नवीन लीजवाला शोधला, त्याच्याकडून घेऊन याची रक्कम याला परत दिली, आणि ते दोघं गेले.

दर दसऱ्याला मात्र सोनं द्यायला यायचे. आपट्याची पानं माझ्या हातावर ठेवून तो माझ्या स्वयंपाकघरात फेऱ्या मारायचा. एका वर्षी आमच्या ह्यांनी विचारलं, "व्याज वाढलंय म्हणतात की. तुमचं कसं?"

"वाढू द्या नं. माझा हप्ता तोच आहे."

पुढच्या वर्षीही तेच. ऑफिसातल्या लोकांचे हप्ते वाढले, ते कुरकुर करून राहिले, याचा तोच. बँकेनं विचारलं होतं म्हणे, हप्ता वाढवायचा की तोच ठेवायचा. कोण शहाणा वाढवा म्हणेल? यानं तोच ठेवा म्हणून सही केली. पुन्हा विचारलं, पुन्हा सही केली. मलाही त्यात शहाणपणाच वाटला. आम्ही त्याला वर एक करंजी जास्त वाढली.

तळ्याचं म्हणाल तर, त्याला फेस यायला लागला. साबणाच्या पाण्यासारखा पांढरा फेस वाऱ्यानं रस्त्यावर यायचा, आणि वास असा की ती दोघं त्या बाजूच्या खिडक्या बंद करून राहायची. जास्तीचे चार पैसे त्या खिडक्यांचेच होते.

आणि मार्चमध्ये तो इन्कम टॅक्सचा कागद आणायला बँकेत गेला, तिथं सहज विचारलं की आता बाराच उरली असतील ना, आणि तिथून सरळ माझ्या उंबऱ्यावर येऊन बसला.

"मग ते वाढलेलं व्याज गेलं कुठं?" मी विचारलं.

"वर्षांत गेलं, अक्का. हप्ता तेवढाच ठेवला आणि मागं वर्षं जोडत गेले. मी सही करत गेलो. आठ वर्षांत भरलं ते बहुतेक व्याजच. मुद्दल जागचं हललंच नाही म्हणा."

"म्हणजे आठ वर्षं तू भाडंच भरलंस."

त्यानं माझ्याकडे बघितलं. लागलं त्याला, पण खोटं काय होतं त्यात?

"भाडं असतं," तो म्हणाला, "तर गळकी टाकी तुम्ही दुरुस्त करून दिली असती."

मग त्यानं बोटांनी हवेत आकडे लिहिले. असंच शेवटपर्यंत चाललं तर जवळजवळ तीन घरांचे पैसे जाणार होते. राहायला एक.

"बायकोला सांगितलंस?"

"नाही."

"मग इथं काय करतोस? ऊठ."

"कर्ज संपलं की ती शाळा सोडणार, असं ठरलंय आमचं. तिनं कुणाकुणाला सांगूनही ठेवलंय."

"म्हणून तर ऊठ."

तो उठला. दारात दोनदा वळला, गेला.

पुढच्या रविवारी त्याची बायको एकटीच आली. खुर्चीत बसली, पाय पुढं घेतले. तिनं चहा नको म्हटलं.

"अक्का, वरच्या खोल्या रिकाम्या आहेत?"

"महिनाअखेर होतायत."

"लीजला आमच्याकडे पैसे नाहीत. महिन्याच्या भाड्यानं द्याल?"

मी भाडं सांगितलं.

"जास्त आहे."

"बाजारभाव आहे."

ती थोडा वेळ आमच्या ह्यांच्या पाठीकडे बघत बसली. मग म्हणाली, "सरी, चालेल."

हिशेब तिनं केला होता. बेळ्ळंदूरच्या फ्लॅटला कंपनीतल्या पोरांकडून माझ्या भाड्याच्या तिप्पट मिळणार होतं. मधला फरक दरमहा बँकेत घालायचा, त्याचा पगारवाढीचा पैसा घालायचा, तिच्या पगारातलं अर्धं घालायचं. त्याची साठी व्हायच्या आत संपवायचं. "त्यांना सत्तराव्या वर्षी मी हप्ता भरताना बघणार नाही," ती म्हणाली, "त्याआधी मीच खिडकीतून त्या फेसात उडी टाकीन."

मी भाडं कमी केलं नाही. आमचंही पोट होतं. असं कुणी लिहिताना स्वतःला देवमाणूस करून घेतं, म्हणून सांगितलं.

ती दोघं परत वर आली. तिनं हौसेनं निवडलेल्या स्वयंपाकघराच्या फरशीवर आता परक्यांची पोरं मॅगी सांडणार होती, आणि त्याचा राग ती त्याच्यावर काढत होती. बोलणं बंद. बोलायचं झालं तर जिन्याच्या कठड्यावरून माझ्यामार्फत.

"अक्का, यांना सांगा, सिलिंडर संपलाय."

तो माझ्या शेजारीच उभा असायचा.

"अक्का, तिला सांगा, ऐकलं मी."

"मी काय पोस्ट ऑफिस आहे?" मी म्हणायची. पण सांगायची. त्या उन्हाळ्यात वरची पावलं जास्तच वाजायची, तिच्या खोलीच्या दारापर्यंत जायची आणि मागं फिरायची. खाली मलाही काम सुचेना. तांदूळ निवडायला घेतले की कान वर.

मग एक दिवस फ्लॅटमधल्या पोरांचा फोन आला, गिझर गळतोय. दोघं गेली, एका बसमध्ये पण निरनिराळ्या सीटवर. ती तरी सीटवर. तो उभा असणार. परत आली ती जिन्यातच हसत. मी दार उघडलं.

"अक्का, त्या पोरांनी तळ्याकडच्या खिडकीला पट्ट्या मारून खिळे ठोकलेत," ती म्हणाली. मग त्याच्याकडे वळली, सरळ त्याच्याकडे, आणि म्हणाली, "निदान वास तरी त्यांच्या वाट्याला गेला."

"भाड्यात धरलाय मी," तो म्हणाला.

त्या दिवसापासून माझं पोस्ट ऑफिस बंद झालं.

पुढची वर्षं कशी गेली म्हणून सांगू? सांगण्यासारखं त्यात काही नव्हतं. चामराजपेटेहून त्याच्या कंपनीला जायला बसनं दोन तास, यायला त्याहून जास्त. ती सुजलेल्या पायांनी जिना चढायची, मध्ये एकदा थांबायची, मी खालून म्हणायची, "स्वल्प बस की," तर म्हणायची, "बसले तर उठणार नाही." नागपूरला भावाच्या मुलीचं लग्न झालं, ही दोघं गेली नाहीत, तिकिटाचे पैसे बँकेत गेले. भाऊ रागावला तो रागावलाच. हे कुठल्या व्याजात धरतात मला माहीत नाही.

दिवाळीचा बोनस आला की तो स्वतः बँकेत जायचा. एकदा मला पासबुक भरून घ्यायचं होतं म्हणून मीही गेले. काउंटरवरचा पोरगा हसऱ्या तोंडाचा होता.

"सर, एकदम इतना भर रहे हैं, तो ईएमआय कम कर दूँ? सब यही करते हैं."

"नाही," तो काउंटरपुढं डावी-उजवीकडे हलत म्हणाला. "हप्ता तोच ठेवा. साल कम करो."

"महीने का बोझ कम होगा, सर."

"बोझ मेरा है नं. साल कम करो. लिखो इधर."

त्यानं ते त्या पोराकडून लिहून घेतलं, स्वतः वाचलं, मला वाचायला दिलं. मला काय कळणार? तरी मी वाचल्यासारखं केलं. वाक्य तेच होतं, हप्ता तोच ठेवा. आधी त्यानं ते म्हणून वर्षं वाढवली होती, आता तेच म्हणून कमी करत होता.

मधल्या एका जानेवारीत आमचे हे गेले. मशीनवरच मान टाकली. तेरा दिवस होईपर्यंत वर पाऊल वाजलं नाही. मला वाटलं, तो बसायला शिकला. नंतर त्याच्या बायकोनं सांगितलं, अनवाणी, टाचा उचलून चालत होता. मी वर जाऊन सांगितलं, "नेहमीसारखा चाल. शांततेनं डोकं दुखतंय."

साठीला अजून अवकाश होता तेव्हा एका दुपारी तो बँकेतून घराचे मूळ कागद प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून घेऊन आला. बूट न काढता आत आला आणि उंबऱ्यावर बसला.

"ऊठ," मी म्हटलं. "उंबऱ्यावर बसू नये."

तो उठला आणि आमच्या ह्यांच्या स्टुलावर जाऊन बसला. पिशवी मांडीवर. जिन्यावर त्याची बायको उभी होती, तिनं विचारलं, "संपलं?"

"संपलं."

"मी शाळेत चिठ्ठी देऊ?"

"आजच दे."

ती तिथंच, पायरीवर बसली.

महिन्याभरात ती दोघं बेळ्ळंदूरला राहायला गेली. दसऱ्याला येतात. खिडकीचे खिळे त्यानं काढलेत म्हणे, पण खिडकी अजून उघडवत नाही. वर आता एक नवराबायको राहतात, शांत माणसं, घरी आली की बसतात. छत वाजत नाही. मी दुपारी तांदूळ निवडताना वर बघते आणि पुन्हा खाली बघते.

एकवीस वर्षं बघायला कोण असणार, असं आमचे हे म्हणाले होते. एकवीस लागली नाहीत. संपलं तेव्हा तो होता, त्याची बायको होती, मी होते. हे नव्हते.