लिंब कडू लागला तरी

राजस्थानात सीमेजवळ आमची पोस्ट होती. तिथे नियम ठरलेले: बूट उलटे करून झटका, मग पाय घाला. अंधारात टॉर्चशिवाय हलू नका. जमिनीवर झोपू नका.

नाईक सर्जेराव जिंतूरकडचा. उकाड्यामुळे तो एकदा खाली झोपला. सकाळी म्हणाला, "साहेब, पोट दुखायलंय. घसा बी धरलाय." अंगावर खूण नव्हती. त्याने ओवा चघळला. मग त्याच्या पापण्या मिटू लागल्या. अंथरूण झटकलं, तर मण्यार पडली. काळीभोर, अंगावर बारीक पांढरे पट्टे.

मी वायरलेसवर कळवलं, "एक कॅज्युअल्टी. सर्पदंश. गाडी पाठवा. ओव्हर."

गाडी आली. सर्जेराव वाटेतच गेला.

निवृत्तीनंतर मी झरीला शेती पाहू लागलो. सोयाबीनच्या काढणीत वहिनी आखाड्यावर, शेतातल्या खोपटात, खालीच झोपल्या. सकाळी म्हणाल्या, "भावजी, झोपेत कायतरी चावलं. मुंगी असंल." मी सगळ्यांना सर्जेरावची हकीकत सांगितली.

दादाने कडुलिंबाचा पाला आणला. आमच्याकडे साप चावल्याची शंका आली की पाला चावायला देतात. गोड लागला तर विष. कडू लागला तर काळजी नाही. वहिनींनी तोंड वाकडं केलं.

"लय कडू हाय."

सगळे हसले. दादा म्हणाला, "फौजी उगंच भेव दावायलाय. चहा टाका."

वहिनी मान मागे टाकून आमच्याकडे बघत होत्या. पापण्या अर्ध्यावर उतरल्या होत्या. मी त्यांच्याजवळ जाऊन वाकलो.

"वहिनी, डोळे उघडा."

"उघडेच हायेत की."

"दादा, जीप काढ. चिरायचं नाही, दोरी आवळायची नाही. वहिनींना चालू देऊ नको."

"आदी मारुतीच्या देवळात तरी नेऊ..."

"सर्जेरावलाही लिंब कडूच लागला असता."

दादा चावी घ्यायला धावला.

वाटेत वहिनींना लाळ गिळता येईना. मी त्यांना कुशीवर वळवलं आणि श्वास ऐकत बसलो. जीप खड्ड्यात आदळली की तो ऐकू येत नसे. तेवढा वेळ मीही श्वास घेत नसे.

परभणीच्या दवाखान्यात विषावरचं इंजेक्शन सुरू झालं, श्वासाचं मशीन लागलं. वहिनी वाचल्या.

सर्जेरावच्या घरी मी दरवर्षी जातो. त्याची आई मला बाज देते आणि स्वतः खाली झोपते. यंदा वहिनी सोबत होत्या. जाताना त्यांनी नवी बाज आणि मच्छरदाणी घेतली.

"मला म्हातारीला काय होतंय, बाई?" आई म्हणाली.

"माज्याबी अंगावर खूण नव्हती, मावशी."

आईने भिंतीवरच्या सर्जेरावच्या फोटोकडे पाहिलं. मग पाय वर घेऊन बाजेवर बसली.