पाटलाचा दाखला

खून-दरोड्यांचे तपास पुष्कळ केले, पण नोकरीचा विषय निघाला की मला आधी आठवते ती एका मेंढपाळाची बायको.

मराठवाडा मुंबई राज्यात येऊन फार काळ झाला नव्हता. मी जिंतूर तालुक्यातल्या एका ठाण्यावर फौजदार होतो. लोक निजामी सवयीने अजून ‘अमीनसाहेब’ म्हणत. काही गावांत पहिल्यांदाच ग्रामपंचायतीची निवडणूक लागली होती. तोवर गावात सरकार म्हणजे पाटील. आम्हाला गुन्ह्याची खबरही त्याच्याकडूनच यायची.

त्या सकाळी ही बाई ठाण्यात आली आणि माझ्या टेबलावर एक कागद ठेवून उभी राहिली.

“परवा आले होते, मालक घरी आले न्हाईत म्हून सांगाय. तुमच्या मुन्शीनं पाटलाचा दाखला आणाय सांगितला. आणलाय.”

परवा मी परभणीला होतो. कागद वाचला. ‘सदर इसम घरच्या भांडणावरून राजीखुशीने गंगाखेडला नातेवाइकांकडे गेला आहे. तक्रार नाही.’ मी तिला तो वाचून दाखवला.

ती चमकली. “गंगाखेडात आमचं कुणीबी न्हाई. भांडण न्हाई, काई न्हाई. अन् मेंढरं वाड्यात सोडून ते कुटं जायचे न्हाईत, साहेब. चार दिस झाले.”

नवऱ्याने पंचायतीसाठी अर्ज भरला होता, पाटलाच्या पुतण्याविरुद्ध. अर्ज मागे घेण्याची मुदत त्याच दिवशी दुपारी तीनला संपत होती.

मी मुन्शीला तिची फिर्याद तिच्याच शब्दांत लिहून घ्यायला सांगितलं आणि दोन शिपाई घेऊन सायकलींवर निघालो. खरं सांगायचं तर माणूस जिवंत सापडेल अशी आशा मला नव्हती. वाटेतल्या विहिरींत डोकावत गेलो.

गावाबाहेर एक म्हातारा कुंभार चिखल तुडवत होता. त्याने आमच्याकडे न बघताच सांगितलं, “पाटलाच्या शेतातल्या आखाड्यावर, खळ्यापाशी, दोघं राखणीला हायत. ज्वारी कवाच घरी आली. राखायलेत काय, काय म्हाईत.”

पाटलाने आमचं अदबीने स्वागत केलं, चहा मांडायला लावला. त्याला विचारून उपयोग नव्हता. मी त्याच्या गड्याला चावडीमागे घेतलं. “तो कुठे आहे?” असं विचारलं असतं तर त्याने कानांवर हात ठेवले असते. मी सहज विचारलं, “भाकर कोण नेतं रे त्याची?”

“मीच नेतो की,” तो बोलून गेला, आणि मग त्याचा चेहरा उतरला. “उपाशी न्हाई ठेवलं, साहेब. दोन वक्ताला देतो. आईची आण!”

ती शपथ ऐकून मला किती सुटल्यासारखं वाटलं! माणूस जेवत होता.

आखाड्यावरच्या कडब्याच्या कोठीत तो बांधलेला सापडला. दोरी सोडताच त्याने विचारलं, “मेंढरं कुनी चारलीत?” बायकोने चारली, म्हटल्यावर त्याने डोळे पुसले. मग म्हणाला, “माजा अंगठा बळंच घेतला हो कागदावर.”

तेव्हा बारा वाजून गेले होते. सरकीच्या ट्रकला हात केला आणि त्याला घेऊन जिंतूरची कचेरी गाठली. अर्ज मागे घेतल्याचा कागद पुतण्याने सकाळीच दाखल केला होता. नायब तहसीलदारांनी कागद बाजूला ठेवला आणि मेंढपाळालाच विचारलं, “तुम्हाला उभं राहायचंय की नाही?”

“राहायचंय. लय राहायचंय!”

नायब तहसीलदारांनी जबाब घेतला, तो कागद रद्द केला. पोर्चमध्ये येऊन मी पायरीवर बसलो.

पाटील आणि पुतण्यावर गुन्हा दाखल झाला. मेंढपाळ निवडून आला आणि पुढे आपल्या वस्तीसाठी त्याने पाण्याचा आड मंजूर करून घेतला.

लोक या तपासाचं श्रेय मला देतात. ते माझं नाही. गावची तक्रार एकाच माणसाच्या हातून वर येणार असेल, तर त्याच माणसाविरुद्धची तक्रार येणार कुठून, हा साधा प्रश्न आम्हाला पडला नव्हता. आम्हीच तिला तिच्या नवऱ्याला डांबणाऱ्याच्या दारात पाठवलं होतं. तरी ती बाई उन्हातान्हात तेवढंच अंतर तुडवून पुन्हा आली. आली म्हणून तिचा नवरा सुटला, आणि मीही सुटलो.