यादीत मालवी नव्हती

“मैडम, इसमें मालवी कहाँ है?”

मुलीने मोबाइल माझ्या नाकासमोर धरला होता. स्क्रीनवर आमच्या वाचनालयाचा नवाकोरा ऑनलाइन कॅटलॉग. पुस्तक शोधायच्या चौकटीखाली ‘भाषा’ असं लिहिलेलं, आणि तिथे बोट ठेवलं की यादी उघडायची: मराठी, हिंदी, इंग्रजी, संस्कृत, उर्दू, गुजराती, इतर. ही यादी मी स्वतः बनवली होती आणि मला तिचा चांगलाच अभिमान होता.

“मालवी हिंदी में ही मिलेगी, बेटा,” मी म्हटलं. मालवी म्हणजे आमच्या इंदूरकडची, माळव्याची बोली.

“देख लिया. हिंदी, मराठी, सब देख लिया.”

मुलीचं नाव रानी. सोबत तिची आजी, कंचनबाई. खजरान्याच्या गणपतीपाशी त्यांचं हारफुलांचं दुकान आहे. दहा दिवसांवर रानीचं लग्न आलं होतं आणि आजीने एकच गोष्ट धरून ठेवली होती. लग्नात गाणी व्हायची ती तिच्या आईची, म्हणजे गेंदाबाईची. गेंदाबाई साऱ्या वस्तीत लग्नाची गाणी सांगायची. कंचनबाई लहान असताना एक मराठी मास्तर वही घेऊन त्यांच्या अंगणात येऊन बसायचे आणि गाणी उतरवून घ्यायचे. पुढे त्यांनी त्याचं छोटं पुस्तक काढलं. एक प्रत घरी आणून दिली, ती एका पावसाळ्यात भिजून गेली. मास्तर तेव्हा म्हणाले होते, की एक प्रत मराठी लोकांच्या वाचनालयात ठेवली आहे.

“म्हारी बई को नाम हे उनी किताब में,” कंचनबाई म्हणाली. “फोटू तो हे कोनी. बस वोज हे.”

बई म्हणजे आई. आईचा फोटो नाही, नाव तेवढं त्या पुस्तकात छापलेलं आहे, असं ती सांगत होती.

पुस्तकाचं नाव तिला ठाऊक नव्हतं. मास्तरांचं नावही नाही, ते सगळ्यांचे नुसते मास्टरसाब. मी ‘गेंदाबाई’ टाकून बघितलं. शून्य. कॅटलॉगमध्ये पुस्तकाच्या मुखपृष्ठावरचीच माहिती असते, आतली नसते. म्हणजे या दोघींना पुस्तकापर्यंत जायला भाषेचं एकच दार होतं, आणि ते मी बसवलंच नव्हतं.

आता मी हे का केलं, ते सांगते.

राऊच्या एका इंजिनिअरिंग कॉलेजात मी सव्वीस वर्षं ग्रंथपाल होते. रिटायर झाले तशी लालबागकडच्या आमच्या मराठी मंडळींच्या जुन्या वाचनालयाने मला धरलं. पुस्तकं संस्थानी काळापासूनची. कुणाचे आजोबा दरबारात कारकून, कुणाचे फौजेत. घरं लहान होत गेली तशी ज्याने त्याने कपाटं इथे आणून रिकामी केली. त्यामुळे भाषांचा नुसता काला.

ऑनलाइन कॅटलॉग म्हणजे प्रत्येक पुस्तकाचा एक फॉर्म भरायचा. नाव, लेखक, वर्ष, भाषा. भाषेसाठी सॉफ्टवेअरमध्ये जगभरच्या भाषांची लांबलचक यादी तयार असते. फॉर्म भरायला आमच्या महिला मंडळाच्या सात-आठ जणी यायच्या. हौस दांडगी, पण त्या यादीत बोट घसरायचं. कुंदाताईंनी लोणच्या-मुरंब्यांचं एक पुस्तक आइसलँडिक भाषेत नोंदवलं तेव्हा मी डोक्याला हात लावला. त्याच दिवशी यादी छाटून सात पर्यायांवर आणली. एका पुस्तकाला एकच भाषा निवडता येईल, अशी सोयही केली. काम भराभर चालायला लागलं.

मालवी मला सुचलीच नाही. खरं सांगते, आठवून मग वगळली असं नव्हे, सुचलीच नाही. भाजीवालीशी मी रोज अर्धीमुर्धी मालवी बोलते. पण आम्हा इंदूरच्या मराठी घरांत ती दारात बोलायची भाषा. तिचं पुस्तक असतं, त्याचा फॉर्म भरावा लागतो, हे डोक्यात कुठे होतं? मालवी पुस्तक हातात आलं की आमच्या बायका वाचून हसायच्या, कौतुक करायच्या आणि ‘इतर’वर बोट ठेवायच्या. मुखपृष्ठ गेलेली, दोन भाषांची, चटकन न कळणारी पुस्तकंही तिकडेच जायची.

‘इतर’चं पुढे काय झालं, ते ऐका. मागच्या खोलीचं छत दुरुस्तीला निघालं. खोली रिकामी करायची होती. आमचे सचिव मोघेसाहेब बँकेतून मॅनेजर म्हणून रिटायर झालेले, एकदम चोख माणूस. त्यांनी कॅटलॉगमधून भाषेप्रमाणे रिपोर्ट काढला आणि म्हणाले, “ज्याची भाषाच कळत नाही ते वाचणार कोण?” ‘इतर’ची सगळी पुस्तकं राऊच्या एका संस्थेला द्यायचं ठरलं. त्यांना हवं ते ते ठेवतील, उरलेलं रद्दीत. बैठकीत मीही हात वर केला होता.

अडतीस खोकी दोरीने बांधून मागच्या खोलीत उभी होती. बुधवार होता. गाडी शनिवारी सकाळी येणार होती.

मी मोघेसाहेबांच्या टेबलापाशी गेले.

“गाडी पुढे ढकला.”

“काय झालं मॅडम?”

“एक पुस्तक त्या खोक्यांत असावं.”

“नाव?”

“माहीत नाही.”

“लेखक?”

“तोही नाही.”

त्यांनी चष्मा काढला. “मॅडम, टेंशन नका घेऊ, पण माझी पक्की बात झाली आहे. गाडीवाला, तिकडचे लोक, सगळे लाइनअप आहेत. एका किताबसाठी मी सगळ्यांना काय सांगू?”

“माझी चूक झाली असं सांगा.”

त्यांनी चष्मा परत लावला. मग म्हणाले, “शनिवारपर्यंतचे दिवस तुमचे. शोधा. नाही मिळालं तर खोकी जाणार.”

अडतीस खोकी, प्रत्येकात साठ-सत्तर पुस्तकं, बरीचशी पातळ. कित्येकांना मुखपृष्ठच उरलं नव्हतं. एकेक वाचून भाषा ठरवायची तर महिना गेला असता. मी पहिल्या खोक्याची दोरी सोडली आणि तशीच बसून राहिले.

शिंदेकाका दारात उभे होते. या वाचनालयात चाळीस वर्षं शिपाई आणि बाइंडरही. आठवी पास. यांचे पणजोबा होळकरी पलटणीत होते आणि काकांची ताठ मान अजून तीच नोकरी करते. रिटायर होऊनही ते रोज येऊन कुलपं उघडायचे.

“मॅडम, एक बात बोलू? बुरा नका मानू.”

“बोला ना.”

“धागा बघा ना.”

मला कळेना. त्यांनी खोक्यातलं एक पातळ पुस्तक उचललं, बरोबर मधोमध उघडलं आणि घडीत दिसणारी शिलाई मला दाखवली. धागा हिरवा होता.

“हिरवा म्हणजे उर्दू. पांढरा मराठी. लाल हिंदी. निळा गुजराती. मी शिवताना भाषा पूछून घ्यायचो. साहेब लोकांना रॅकवरून पटकन दिसावं म्हणून धाग्याची शेंडी वर सोडायचो.”

“आणि मालवी?”

“पिवळा. हळदीचा.”

माझ्या तोंडात कुणी मारल्यासारखं झालं. कारण त्या शेंड्या मी बघितल्या होत्या. पुस्तकांच्या डोक्यावर लोंबणारे रंगीत दोरे. बारकोडचं स्टिकर लावताना मध्ये येतात म्हणून मीच ते कापायला सांगितले होते. आठवडाभर आमच्या बायका कात्र्या घेऊन बसल्या होत्या, आणि काका दारात उभे राहून बघत होते.

“काका, तुम्ही तेव्हा बोलला का नाहीत?”

“तुम्ही कंप्यूटर आणला. मला वाटलं त्याच्यात सगळं असेल.”

मी त्यांची माफी मागितली. ते म्हणाले, “अरे छोडो मॅडम, शेंडीच कापली ना, शिलाई तर शाबूत आहे.”

आणि मग कामाला वेग आला. पुस्तक उचलायचं, मधोमध उघडायचं, रंग बघायचा, बाजूला ठेवायचं. वाचायची गरजच नाही. कुंदाताई आल्या, मंडळाच्या आणखी चौघी आल्या. दुसऱ्या दिवशी रानी आली, हाताला मेंदी लागायच्या आत हे काम करून घेते म्हणाली. शुक्रवारी दुपारी मोघेसाहेब स्वतः बाह्या सरसावून खाली बसले. “पिवळा हा का?” म्हणून त्यांनी जुनाट पांढरे धागे चारदा दाखवले, आणि काकांनी चारही वेळा न हसता “नाही साहेब” म्हटलं.

मधेच एक गोष्ट माझ्या लक्षात आली. काही पुस्तकांत दोन रंग होते. आधी पांढरा, पुढे लाल. मी विचारलं तर काका म्हणाले, “दोन भाषा असल्या तर दोन धागे. त्यात काय?”

त्यात काय! मी सव्वीस वर्षं ग्रंथपाल, आणि माझ्या फॉर्ममध्ये एका पुस्तकाला एकच भाषा. आठवी पास माणसाच्या सुईला दोन चालत होत्या.

एकतिसाव्या खोक्यात ते सापडलं. बोटभर जाडीचंही नाही. मुखपृष्ठ गेलेलं. पुढची चार पानं पांढऱ्या धाग्याची, मराठी प्रस्तावना. त्याच्या मागे सगळं पिवळं. रानीने मधलंच एक पान उघडून पहिली ओळ वाचली. कंचनबाई दुकान शेजारणीवर सोपवून नुकतीच आली होती, पायरीवर बसून पाणी पीत होती.

“आँगण में माँडवो छायो, बई, तोरण कुण बाँधेगो...”

कंचनबाईने भांडं खाली ठेवलं आणि पुढची ओळ म्हटली. तिथेच, पायरीवर, चालीत. “बीराजी आवेगा दूर देस से, तोरण वी बाँधेगा.” बीराजी म्हणजे भाऊ, तो दूर देशाहून येऊन तोरण बांधेल. रानीचं बोट छापलेल्या ओळीवर होतं. शब्द नि शब्द तोच. कंचनबाईला अक्षर ओळखता येत नाही. रानीने पानं उलटत पाच-सहा गाण्यांच्या पहिल्या ओळी म्हटल्या, आजीने पुढच्या. कुंदाताई डोळे पुसत होत्या. मीही पुसत होते, सांगायला लाज कसली.

“अब नाम बता,” आजी म्हणाली. “बई को नाम कठे हे?”

मी प्रस्तावना वाचली. पुन्हा वाचली. मास्तरांनी मोठ्या आदराने लिहिलं होतं, की ही गाणी आपल्याला खजरान्याच्या एका माळीणबाईंनी दिली. बस. एक माळीणबाई. नाव नव्हतं. घरी दिलेल्या प्रतीवर त्यांनी कदाचित हाताने लिहून दिलं असेल, आणि ती तर भिजून गेली होती.

पुस्तक सापडल्याचा आनंद माझ्या हातातच विरला. तीन दिवस जिच्यासाठी शोधलं तिला मला सांगावं लागलं, की छापलेलं नाही. मी हिंदीत, सरळ सांगितलं. ती पदराच्या टोकाने भांड्याची कड पुसत राहिली.

तेव्हा मला माझ्या धंद्यातली एक जुनी रीत आठवली. कॅटलॉग करताना जी माहिती पुस्तकात छापलेली नाही, पण आपल्याला खात्रीने दुसरीकडून कळली, ती चौकोनी कंसात लिहायची. वाचणाऱ्याला समजतं, की हे पुस्तकाने सांगितलेलं नाही, ग्रंथपालाने शोधून काढलं. आणि खात्री कशावरून, ते खाली टिपेत द्यायचं. कॉलेजात मी हे कंस छपाईचं वर्ष लिहायला वापरायचे. आतापर्यंत त्यांचा दुसरा काही उपयोग मला झाला नव्हता.

मी कंप्यूटरवर बसले. आधी यादीत ‘मालवी’ घातली. मग एका पुस्तकाला हव्या तितक्या भाषा निवडता येतील असं केलं. सेटिंगमध्ये एका ठिकाणी टिक करायची असते, पाच सेकंदांचं काम. मग फॉर्म उघडला. भाषा: मालवी, मराठी. गीतं सांगणारी: [गेंदाबाई]. टीप: माहिती कन्या कंचनबाई यांच्याकडून, गीतं तोंडपाठ म्हणून खातरजमा केली.

रानीने आपल्या मोबाइलवर ‘गेंदाबाई’ टाकलं. एक पुस्तक आलं. तिने नाव वाचून आजीला दाखवलं.

“ये आजू-बाजू में कई हे?” कंसांवर बोट ठेवून कंचनबाईने विचारलं.

“इसका मतलब, किताब ने नहीं बताया,” मी म्हटलं, “आपने बताया.”

“तो म्हारो नाम बी हे?”

“नीचे है.”

ती हसली. मग पदर सावरून रानीला म्हणाली, चल, लोग बैठे होंगे हार के लिए.

मोघेसाहेबांनी बाहेर जाऊन फोन लावला. “हाँ भिया, वो गाड़ी कैंसल. नहीं नहीं, कोई प्रॉब्लम नहीं. हमारी ही गलती थी.” ‘आमची’ म्हणाले. ‘मॅडमची’ म्हणाले नाहीत. त्याबद्दल मी त्यांची आभारी आहे, आणि हे त्यांना अजून सांगितलेलं नाही.

गाण्यांची झेरॉक्स लग्नात पोचली. खोकी उघडून सगळी पुस्तकं परत नोंदवली, छताखाली प्लॅस्टिक बांधून. पिवळ्या धाग्याची त्रेपन्न निघाली. फॉर्ममध्ये ‘इतर’ अजून आहे, पण ते निवडलं की आता खाली एक रिकामी चौकट उघडते आणि भाषेचं नाव लिहिल्याशिवाय पुढे जाऊ देत नाही. अजून एक रकाना वाढवला आहे, ‘धाग्याचा रंग’. तो फक्त शिंदेकाका भरतात. कुंदाताई टाइप करतात, काका उभे राहून सांगतात.

यादी छोटी ठेवली की काम लवकर होतं, हे मी कॉलेजात कित्येकांना शिकवलं. त्यांच्यापैकी कुणी हे वाचत असेल तर त्यात एवढी दुरुस्ती करून घ्या: काहीही कापायच्या आधी दारात उभ्या असलेल्या माणसाला, ते कशाला लावलंय, एकदा विचारा.