लपवलेली तेरवी

इंदिराबाईनं आयुष्यात दोनच गोष्टी लपवल्या होत्या. एक, मासे विकून साठवलेले लेकीच्या, रीताच्या लग्नाचे पैसे, आणि दुसरी, डॉक्टरनं मना केलेली नवऱ्याची, दादाजीची तंबाखू-सुपारीच्या खर्र्याची पुडी. त्यामुळे त्याचं मरण लपवल्याची नोटीस घरी आली तेव्हा तिला आधी हसू आलं. मग मात्र तिचं डोकं फिरलं.

मरण कसलं लपवता? तीनशे पान उठलं होतं तेरवीला! प्राणहितेच्या काठावरची चार गावं जेवून गेली. वरण कमी पडलं म्हणून दुसऱ्यांदा चूल पेटवावी लागली. दादाजी तलावाच्या गेटावरचा सरकारी चौकीदार होता, दहा वर्षांपासून पेन्शन खात होता. नोव्हेंबरात तो स्वतः जाऊन हयातीचा दाखला देऊन आला आणि डिसेंबरात गेला. दाखला वर्षभर चालतो, माणूस महिनाभरही चालला नाही.

गावात मरण कळवायची एकच रीत, तेरवीचं कार्ड. पोरगा देवानंद ते कार्ड पेन्शनच्या कार्यालयातही देऊन आला. तिथला बाबू संघपाल इंदिराबाईच्या सुकटीचं जुनं गिऱ्हाईक, तो मोटारसायकलनं आला, पंगतीत बसला, जेवला आणि गेला. कार्यालयाचा माणूस जेवून गेला म्हणजे कार्यालयाला कळलं, असं घरच्यांनी धरलं. यात त्यांचं काय चुकलं, ते तुम्हीच सांगा.

पुढं दोघांच्या खात्यात पैसे येत राहिले. विधवेला पेन्शन मिळते हे इंदिराबाईला ठाऊक होतं. ती निम्म्याच्या आसपास मिळते हे कोणी सांगितलं नव्हतं. तिनं घरावर पत्रे टाकले. वर्ष भरलं, दादाजीचा नवा दाखला आला नाही, तेव्हा सरकार जागं झालं. पेन्शन बंद! ‘मृत्यूची माहिती लपवून जादा उचललेले’ बहात्तर हजार परत करा. सोबतच्या कबुलीपत्रावर सही केली तरच बाईची पेन्शन सुरू होणार, आणि मग तिच्यातून दरमहा कापून घेणार.

पैशाचं इंदिराबाईला तितकं वाईट वाटलं नाही. बाजारात कोणी चुकून जास्तीची नोट दिली तर हाका मारत मागं धावणारी ती बाई. पण रीतानं तो कागद वाचून दाखवला आणि ‘लपवून’ हा शब्द तिच्या घशात काट्यासारखा अडकला. ती पेन्शनच्या कार्यालयात गेली. पहिल्या खेपेला साहेब दौऱ्यावर होते. दुसऱ्या खेपेला नेट नव्हतं. तिसऱ्या खेपेला संघपाल भेटला.

“पैसे कापा भाऊ, महिन्याचे महिन्याले कापा. पण हे लपवून काऊन लिवलं?”

“बाई, तो छापील नमुना आहे. सगळ्यायले हाच असते. सही करा, पुढच्या महिन्यात पेन्शन चालू.”

“अन् मी चोर.”

“कोण वाचून राह्यलं, बाई?”

“माही पोरगी वाचते,” इंदिराबाई म्हणाली आणि सही न करताच उठली.

तीन महिने घरात पेन्शनचा रुपया आला नाही. देवानंद म्हणाला, “करून टाक ना सही, एका शब्दानं काय होते?” तिनं त्याला असं झापलं की तो जेवता जेवताच उठून गेला. आपल्या माणसाचं मरण आपण पैशासाठी दाबून ठेवलं, असं ती लिहून देणार नव्हती.

चौथ्या खेपेला तिनं रीताला सोबत घेतलं आणि पिशवीतून एक वही नेली. तेरवीला कोणी किती दिलं, त्याची वही. संघपालच्या टेबलावर तिनं ती उघडून ठेवली.

“वाचा, भाऊ.”

संघपालनं बोटाखालची ओळ वाचली. त्याचंच नाव होतं. पुढं एकावन्न रुपये.

इंदिराबाईनं कनवटीची पन्नासाची नोट आणि एक रुपया काढून वहीवर ठेवला. “हे घ्या. आमी मरण लपवलं, म्हणजे तुमाले काई माहीत नोतं. मंग हे माह्याकडं चुकूनच आले. वसुली इथूनच सुरू करा.”

शेजारच्या टेबलावरचे दोघे मान वर करून बघू लागले. संघपालचे कान लाल झाले.

“माहीत होतं, बाई,” तो हळूच म्हणाला.

“मंग तसं लिवा.”

त्यानं कबुलीपत्र पुढं ओढलं. असं लिहिलं तर पुढची नोटीस कोणाच्या नावानं निघणार, हे त्याच्याइतकं कोणाला ठाऊक? मग त्यानं ‘लपवून’वर रेघ मारली, वर लिहिलं, ‘मृत्यूची माहिती मला वेळेत होती’ आणि खाली सही केली. रीतानं ते दोनदा वाचून दाखवलं, तेव्हा कुठं इंदिराबाईनं आपली सही गिरवली. नोट आणि रुपया वहीतच घालून संघपालनं वही तिच्याकडं सरकवली.

“ठेवा, बाई. तेरवीत देल्लेलं कोणी वापस घेत नाई.”

बहात्तर हजार अजून कापले जात आहेत. दर महिन्याला पासबुक भरून आणलं की इंदिराबाई सरकारच्या नावानं कडाकडा बोटं मोडते. संघपालला खुलासा मागणारी नोटीस आली, हे तिला बाजारात कळलं. त्या दिवशी तिनं त्याच्यासाठी सुकट बांधली आणि पैसे घेतले नाहीत.