ओठ शिवणाऱ्या बाई

उत्तनच्या माहेराहून नवघरला परतताना बसमध्ये त्या माझ्या शेजारी बसल्या होत्या. साठी उलटलेली, पायात साध्या रबरी चपला. माझी लेक दुभंगलेला ओठ घेऊन जन्मली होती, म्हणून मी तिचं तोंड दुपट्ट्यानं झाकलं होतं.

“काढ गो बाय तो कपडा, तिला हवा लागू दे,” त्या म्हणाल्या आणि बोटाच्या टोकानं तिचा ओठ हलकेच जुळवून बघू लागल्या. त्या असेच ओठ शिवणाऱ्या डॉक्टर होत्या. कितीतरी वर्षं दरसाल महिनाभर व्हिएतनामच्या एका सरकारी इस्पितळात जात होत्या. तिथं उपचार सरकारच करतं, पण हे काम येणारे हात कमी होते.

“मग हिचं ऑपरेशन तुम्हीच करा ना!” मी त्यांचा हात धरला. तो थरथरत होता.

“आता न्हाय जमत. तिकडे आधी मी शिवायचे, तिथल्या पोरी बघायच्या. मग त्या शिवायला लागल्या, मी बघायचे. यंदा तर मला बाहेर बसवून चहा दिला, आत कोणी बोलावलंच न्हाय.”

“वाईट वाटलं असेल तुम्हाला.”

“वाईट? अगो, त्याचसाठी तर जात होते!”

उतरताना त्यांनी ठाण्यातल्या आपल्या एका विद्यार्थिनीचं नाव सांगितलं. ऑपरेशन तिनेच केलं.

लेक आता शाळेत जाते. नुकतीच शिट्टी वाजवायला शिकलीय आणि दिवसभर घर डोक्यावर घेते. मी तिला गप्प बस म्हणत नाही.